जुना फिनिश हत्यातपासपट कसा पाहावा

मात्ती कास्सिला यांनी १९६० मध्ये दिग्दर्शित केलेला ‘कोमिसारिओ पाल्मुन एरेह्दुस’ (‘कमिशनर पाल्मू यांची चूक’) हा कृष्णधवल चित्रपट पाहायला बसताना खुनी कोण हे ओळखण्याची घाई करू नये. फिनिश लेखक मिका वाल्तारी यांच्या १९४० सालच्या कादंबरीवर बेतलेले हे कथानक १९३०च्या दशकातील हेलसिंकीत घडते आणि तपासाचे बहुतेक धागे तिथल्या वर्गभेदात गुंतलेले आहेत.

सुरुवातीला पात्रांची आडनावे कागदावर टिपून घ्यावीत. ब्रुनो रिगसेक हा धनाढ्य माणूस स्वतःच्या घरातील पोहण्याच्या तलावात मृत सापडतो. त्याच्या नातलगांपैकी काही जण मात्र रिकॅमो हे फिनिश वळणाचे आडनाव लावतात. फिनलंड १८०९ पर्यंत स्वीडनच्या राजवटीखाली होता, त्यानंतरही उच्चभ्रू वर्गात स्वीडिश भाषेची प्रतिष्ठा दीर्घकाळ टिकली, आणि १९०६ मध्ये हजारो कुटुंबांनी स्वीडिश आडनावे सोडून फिनिश आडनावे स्वीकारली. हा इतिहास ठाऊक असला की एकाच कुटुंबातील ही दोन आडनावे नात्यांतला ताण पाहताक्षणी दाखवून देतात. माझ्या मते चित्रपट समजून घेण्याची सर्वांत उपयुक्त किल्ली हीच आहे.

मृत्यू प्रथमदर्शनी पाय घसरून झालेला अपघात वाटतो. तलावाचे दृश्य म्हणूनच नीट पाहावे, गरज वाटल्यास थांबवून पुन्हा पाहावे, कारण तपास करणारे पोलीस अधिकारी पाल्मू यांचा संशय तिथूनच सुरू होतो. पुढच्या प्रत्येक जबानीत या मृत्यूमुळे कोणाचा फायदा होतो आणि कोण कोणाला पाठीशी घालतो, एवढे दोनच प्रश्न मनाशी ठेवावेत. नोकरवर्गाच्या बोलण्याकडे दुर्लक्ष करू नये.

योएल रिन्ने यांचा पाइप ओढणारा, करड्या स्वभावाचा पाल्मू हा चित्रपटाचा कणा आहे. पण लक्ष केवळ त्याच्यावर खिळवू नये; मात्ती रानिन यांनी साकारलेला कायद्याचे शिक्षण घेतलेला विर्ता आणि लेओ योकेला यांचा मिश्कील कोक्की या पाल्मूच्या दोन सहकाऱ्यांमुळे त्याचा तिरसटपणा आणि त्यामागची माणुसकी दोन्ही खुलतात. उपशीर्षके वाचण्याच्या नादात योकेला यांची मुद्रा निसटते, म्हणून कोक्की असलेले प्रसंग शक्यतो दुसऱ्यांदा पाहावेत.

पाल्मू मालिकेतले पुढचे चित्रपट १९६१, १९६२ आणि १९६९ या क्रमाने पाहावेत. हा चित्रपट धरून मालिकेतले पहिले तीन वाल्तारी यांच्या कथांवर आधारलेले आहेत. १९६९चा रंगीत चित्रपट त्यांच्या कादंबरीवर बेतलेला नाही, त्यामुळे तो शेवटीच पाहणे योग्य.