क्योतोहून इने गाव, एका दिवसात, भाड्याच्या गाडीने

जपानमध्ये क्योतोला गेलात तर एक दिवस देवळांना सुट्टी द्या आणि उत्तरेला समुद्राकडे इनेला जा. ट्रेन-बसने पण होतं, पण बस कमी असतात आणि सगळा दिवस घड्याळ बघण्यात जातो, म्हणून ड्रायव्हरसकट गाडी करा, चार-पाच जण असाल तर परवडतं. स्वतः चालवणार असाल तर आरटीओतून इंटरनॅशनल परमिट निघण्याआधीच काढून घ्या, तिथे पण डावीकडूनच चालवतात त्यामुळे टेन्शन नाही.

सकाळी सातला निघा. वाटेत आमानोहाशिदाते लागतं, साडेतीन किलोमीटरची वाळूची पट्टी, वर हजारो पाइनची झाडं. कासामात्सु पार्कात लोक वाकून पायांमधून बघतात, पट्टी आकाशात चढल्यासारखी वाटते. लाजू नका, सगळेच वाकतात!

मग इने. खाडीकाठी २३० च्या आसपास फुनाया, म्हणजे खाली होडी आणि वर खोली अशी घरं, अगदी पाण्याला टेकलेली. तोंडावर आओशिमा बेट असल्याने लाटा अडतात आणि भरती-ओहोटीचा फरकही कमी, म्हणूनच हे जमतं. बोटीतूनच बघा, काठावरून अर्धं पण दिसत नाही. आणि प्लीज, लोक राहतात तिथे, कुणाच्या दारात घुसून सेल्फी नको. जेवण मात्र लवकर उरका, हॉटेलं मोजकीच आहेत.