वन्यजीवपटाचा एडिटर व्हायचंय? आधी नोंदी शिका

या क्षेत्रात शिरायचं तर बहुधा असिस्टंट एडिटर म्हणूनच. पहिलं काम कार्ड उतरवण्याचं, म्हणजे कॅमेऱ्याच्या मेमरी कार्डवरचं फुटेज डिस्कवर घेण्याचं. नुसतं ड्रॅग करून कॉपी करू नका. चेकसम, म्हणजे प्रत मूळ फाइलशी तंतोतंत जुळते का ते दाखवणारा आकडा, तपासणारं सॉफ्टवेअर वापरा. तीन प्रती हव्यात, त्यातली एक वेगळ्या जागी. त्या पडताळल्याशिवाय कार्ड फॉरमॅटला द्यायचं नाही. मग प्रॉक्सी, म्हणजे एडिटसाठी मूळ फुटेजच्या हलक्या प्रती, बनवा. फाइलचं नाव आणि टाइमकोड (प्रत्येक फ्रेमवरचा वेळेचा क्रमांक) मूळचेच ठेवा, नाहीतर शेवटी मूळ फुटेज जोडताना सगळं अडतं.

खरी परीक्षा नोंदींची, म्हणजे कुठल्या शॉटमध्ये काय आहे ते लिहून ठेवण्याची. तासन्‌तास शूट होतं आणि पडद्यावर काही मिनिटं येतात, त्यामुळे ‘बिबट्या, छान शॉट’ ही नोंद कुचकामी. अशी लिहा: ‘मादी, उजव्या कानाला चीर, डावीकडे बघते, तिरपं ऊन, 6 सेकंद स्थिर, मग मान वळते.’ ओळखीची खूण, नजरेची दिशा, प्रकाश, अंग ओलं की कोरडं, एवढं हवंच. सेकंदाला 100 फ्रेमने शूट झालेला शॉट 25 फ्रेमच्या टाइमलाइनवर (एडिटमध्ये शॉट ओळीने मांडतात ती पट्टी) चौपट संथ चालतो, तेही लिहा. कान हलणं, रिकामं गवत, वर उडालेला पक्षी असले कंटाळवाणे शॉटही नोंदवा. सीन अडतो तेव्हा हेच कामी येतात.

शिकारीचा सीन अनेक दिवसांच्या फुटेजमधून बांधला जातो. पुन्हा मिळणार नाही असा शॉट, म्हणजे झडप, आधी टाइमलाइनवर ठेवा आणि तिथून मागे मागे या. दबा धरलेली मादी उजवीकडे बघत असेल तर हरीण चौकटीत डावीकडे तोंड करून हवं. पाठलागात मात्र दोघं एकाच दिशेने धावतात. दिशा बदलायचीच असेल तर मध्ये समोरून येणारा शॉट घाला. चित्र आरशातल्यासारखं डावं-उजवं उलटवायचा मोह टाळा: कानाची चीर दुसऱ्या बाजूला जाते, आणि जाणकाराच्या ते लगेच लक्षात येतं. दोन वेगळ्या माद्यांचे शॉट एकत्र करणार असाल तर दिग्दर्शकाला आधी सांगा. हा निर्णय तुमच्या एकट्याचा नाही.

मग आवाज बंद करून सीन दाखवा, शक्यतो विषय माहीत नसलेल्याला. कोण कुठे आहे हे त्याला कळलं नाही तर निवेदनाने ते झाकू नका, कट दुरुस्त करा.

लांबून 600 मिमी लेन्सने घेतलेल्या शॉटवर पावलांचा आवाज नसतोच. असतो तो वारा, फार तर कॅमेरामनचा खोकला. म्हणून आधी त्याच अधिवासातले परिसराचे आवाज घाला, पावलं नंतर फोलीतून, म्हणजे स्टुडिओत चित्र बघून मुद्दाम काढलेल्या आवाजांतून, येतील. कच्चं निवेदन स्वतःच्या आवाजात टाकून पाहा. सेकंदाला साधारण दोन शब्द धरा आणि झडपेवर गप्प बसा.

काम मागताना संगीतावर जोडलेले सुंदर शॉट पाठवू नका. दोन-तीन मिनिटांचा एक पूर्ण सीन पाठवा, सोबत त्याच्या नोंदींचं एक पान.