गृहकर्ज खरंच कितीला पडतं? हप्त्याकडे बघत राहिल्यामुळे होणाऱ्या चुका

गृहकर्ज घेताना पहिला प्रश्न असतो, "हप्ता किती बसेल?" दुसरा, "दर किती?" तिसरा प्रश्न मात्र सह्या झाल्यानंतर पाच-सहा वर्षांनी आणि बहुधा वैतागून विचारला जातो, "एवढे पैसे भरले, तरी कर्ज आहे तिथेच कसं?"

या वैतागापासूनच सुरुवात करू, म्हणजे पाणी कुठे मुरतंय ते लवकर कळेल. उदाहरण शेवटपर्यंत एकच ठेवतो: कर्ज 50 लाख, व्याजदर 9 टक्के, मुदत 20 वर्षं, व्याज दरमहा घटत्या शिलकीवर. हप्ता येतो 44,986. चलन कुठलंही धरा, प्रमाण तेच राहतं.

"पाच वर्षं भरतोय, कर्ज हलत नाही"

बँकेने काही गडबड केलीय, अशी शंका इथे हमखास येते. बहुतेक वेळा गडबड नसते, हिशोबच तसा असतो. पहिल्या महिन्यात 50 लाखांवर 9 टक्क्यांनी एका महिन्याचं व्याज होतं 37,500. हप्त्यातून ते वजा केलं की मुद्दलात जायला उरतात 7,486. दुसऱ्या महिन्यात मुद्दल तेवढंच कमी झालेलं असतं, म्हणून व्याज 56 ने घटतं आणि तेवढीच भर मुद्दलाच्या वाट्यात पडते. सुरुवातीची वर्षं अशी मुंगीच्या पावलांनी जातात.

पाच वर्षांत तुम्ही जवळपास 27 लाख भरता आणि शिल्लक असते 44.35 लाख. म्हणजे फिटले फक्त साडेपाच लाखांच्या आसपास. हप्त्यातला मुद्दलाचा वाटा व्याजापेक्षा मोठा व्हायला बारा वर्षं लागतात. निम्मं कर्ज फिटायला तर चौदा. वीस वर्षांच्या कर्जात दहाव्या वर्षी निम्मं फिटलेलं असेल असं मनात धरून घर विकायचा किंवा बदलायचा बेत आखणाऱ्यांची फसगत इथेच होते.

शंका असेल तर ती पाच मिनिटांत फिटते. स्टेटमेंटमधली महिन्याच्या सुरुवातीची शिल्लक घ्या, तिला व्याजदराने गुणा आणि 1200 ने भागा. ते झालं त्या महिन्याचं व्याज. हप्त्यातून ते वजा करा, जे उरेल तेवढंच मुद्दल कमी व्हायला हवं. दिवसांवर व्याज मोजणाऱ्या कर्जात थोडा फरक पडेल. पण फरक मोठा असेल किंवा दर महिन्याला एकाच बाजूला झुकत असेल, तर लेखी खुलासा मागा. एखादा दंड, विम्याची रक्कम किंवा न कळवता बदललेला दर अशा वेळी सापडतो.

हप्ता बसवण्यासाठी मुदत ताणणं

"हप्ता जड जातोय? मग तीस वर्षं करू." इतक्या सहजपणे हे सांगितलं जातं की त्यात काही किंमत मोजतोय हेच जाणवत नाही. त्याच कर्जाचं तीस वर्षांचं गणित बघा. हप्ता 40,231 होतो, म्हणजे महिन्याला 4,755 वाचतात. वीस वर्षांत एकूण व्याज सुमारे 58 लाख जात होतं, ते तीस वर्षांत जवळपास 95 लाख होतं. उलट पंधरा वर्षांचा हप्ता 50,713 आणि व्याज साधारण 41 लाख.

मुदत दीडपट झाली म्हणून हप्ता काही दोन तृतीयांश होत नाही, तो जेमतेम दहा टक्के उतरतो. कारण सुरुवातीचा हप्ता बहुतांशी व्याजच असतो आणि मुदत कितीही वाढवली तरी पहिल्या महिन्याचं 37,500 व्याज कुठेही जात नाही. मुदत अनंत केलीत तरी हप्ता त्याखाली येणार नाही.

तरीही लांब मुदत वाईटच, असं मी म्हणणार नाही. ज्यांची मिळकत अनिश्चित आहे त्यांनी मुदत लांब ठेवून जमेल तेव्हा जास्त भरणं शहाणपणाचं आहे. फक्त "जमेल तेव्हा" हे तारीख ठरवून बँकेत बांधून टाकायचं. नाहीतर ते कधीच जमत नाही.

दर वाढल्याचं पत्र न उघडणं

सगळ्यात महाग पडणारी चूक मला हीच वाटते, कारण ती करताना काहीच करावं लागत नाही.

फ्लोटिंग, म्हणजे वेळोवेळी बदलणाऱ्या दराच्या कर्जात दर वाढला की बँकेपुढे दोन मार्ग असतात, हप्ता वाढवायचा किंवा मुदत. हप्ता वाढला तर तुम्ही फोन करता. मुदत वाढली तर करत नाही, कारण खात्यातून जाणारा आकडा तोच असतो. आता आपल्या उदाहरणात दर सुरुवातीलाच 9 वरून 10 झाला आणि हप्ता 44,986 च ठेवला असं धरा. कर्ज फिटायला 20 ऐवजी 26 वर्षं लागतील. एका टक्क्याला सहा वर्षं! मुदत वीसच ठेवायची असती तर हप्ता 48,251 झाला असता, महिन्याला सव्वातीन हजारांचा फरक.

दर 11 वर गेला तर? 50 लाखांचं महिन्याचं व्याज होतं 45,833, म्हणजे हप्त्यापेक्षा जास्त. मग हप्ता नियमित भरूनही कर्ज दर महिन्याला वाढत जातं. हे कागदावरचं भूत नाही. 2008 च्या संकटाआधी अमेरिकेत अशी कर्जं राजरोस विकली गेली, ज्यांत ग्राहकाला व्याजापेक्षाही कमी हप्ता भरायची मुभा होती आणि उरलेलं व्याज मुद्दलात जमा होत होतं. घरांच्या किमती चढत्या होत्या तोवर कुणाला टोचलं नाही.

माझ्या स्वतःच्या कर्जात दोन वेळा दर वाढल्यावर उरलेल्या हप्त्यांची संख्या मी भरलेल्या हप्त्यांपेक्षा वेगाने वाढली होती, आणि ते मला वर्षभराने कळलं. पत्र आलं होतं. मी ते न उघडताच फाईलला लावलं होतं.

म्हणून स्टेटमेंट हातात आलं की हप्त्याच्या आधी उरलेल्या हप्त्यांची संख्या बघा. मागच्या वर्षीपेक्षा ती 12 ने कमी असायला हवी. नसेल, तर हप्ता वाढवून मुदत मूळ जागी आणायचा अर्ज त्याच आठवड्यात द्या. आणि दर उतरला की हप्ता कमी करून घेऊ नका, मुदत घटू द्या.

ठरावीक काळच दर स्थिर असतो अशा कर्जात वेगळी काळजी लागते. स्थिर काळ संपल्यावरचा दर कशावरून ठरणार, हे सही करतानाच विचारायचं. सुरुवातीचा आकर्षक दर दोन-तीन वर्षांचा आणि कर्ज वीस वर्षांचं असेल, तर त्या दरावर एकूण खर्चाचं गणित मांडण्यात अर्थ नाही.

हप्त्यांना सुट्टी

अडचणीच्या काळात हप्ते थांबवायची सवलत मिळते, पण व्याज थांबत नाही. एक वर्ष भरल्यावर सहा महिने हप्ते थांबवले, व्याज मुद्दलात जमा झालं आणि पुढे हप्ता तोच ठेवला, तर आधी उरले होते 228 हप्ते, ते होतात 259. पगारच थांबला असेल तर सवलत जरूर घ्या, ती त्यासाठीच आहे. पैसे असताना "मिळतेय तर घेऊ" म्हणून घेतलेल्या सहा महिन्यांची किंमत मात्र 31 जादा हप्ते.

जादा पैसे भरले, पण सूचना चुकीची

हातात एक लाख आले आणि पहिल्या वर्षाच्या शेवटी तुम्ही ते कर्जात भरले. अर्जावर दोन पर्याय असतात, हप्ता कमी करा किंवा मुदत कमी करा. मुदत कमी केलीत तर शेवटचे साधारण पावणेबारा हप्ते गळून पडतात आणि सव्वाचार लाखांवर व्याज वाचतं. हप्ता कमी केलात तर महिन्याला 917 कमी जातील आणि सगळ्या मुदतीत व्याज वाचेल सुमारे 1 लाख 9 हजार. पैसे तेच, दिवस तोच, फरक एका खुणेचा. काही ठिकाणी तुम्ही काहीच लिहिलं नाही तर हप्ता आपोआप कमी होतो, त्यामुळे लिहूनच द्यायचं आणि पुढच्या स्टेटमेंटमध्ये तपासायचं.

वेळही तितकीच महत्त्वाची. तोच एक लाख पंधराव्या वर्षाच्या शेवटी भरला, तर व्याज वाचतं 55 हजारांच्या आसपास. "मोठी रक्कम जमली की एकदम भरू" या विचारात पहिली सात-आठ वर्षं निघून जातात, आणि खरा फायदा तेव्हाच असतो. दर वर्षाच्या शेवटी एक हप्ता जादा भरलात तरी वीस वर्षांचं कर्ज साडेसोळा वर्षांत संपतं. आणि मिळकत वाढेल तसा हप्ताही दर वर्षी 5 टक्क्यांनी वाढवलात, तर बारा वर्षांपेक्षा जेमतेम जास्त वेळ लागतो. पहिल्यांदा हे गणित मांडलं तेव्हा कुठेतरी चुकलोय असं वाटून मी ते पुन्हा केलं होतं.

भरण्याआधी मुदतपूर्व परतफेडीवर दंड आहे का, वर्षाला कितीपर्यंत सूट आहे, ते करारात बघा. अडीअडचणीची गंगाजळी रिकामी करून कर्ज फेडू नका. आणि क्रेडिट कार्डाची थकबाकी असेल तर आधी ती.

कमी दराच्या मागे कर्ज हलवणं

सात वर्षं झाली, शिल्लक 41.28 लाख, 156 हप्ते बाकी. दुसरीकडे 8.25 टक्के मिळतायत. नवा हप्ता 35,177, जवळपास दहा हजारांनी कमी! सही करायच्या आधी मुदत बघा, ती पुन्हा वीस वर्षांची केलेली आहे. जुन्या कर्जात अजून सुमारे 70.2 लाख भरायचे होते, नव्यात भराल 84.4 लाख. दर उतरला आणि खर्च 14 लाखांनी चढला. चार आण्याची कोंबडी आणि बारा आण्याचा मसाला, तो असा.

हेच कर्ज 8.25 ने, पण उरलेल्या तेरा वर्षांसाठीच नेलं तर हप्ता 43,227 आणि एकूण 67.4 लाख. बचत पावणेतीन लाखांच्या घरात. त्यातून नवी प्रोसेसिंग फी, कागदपत्रांचा खर्च, जुन्या कर्जाचा दंड वजा करा, मग ठरवा. जमत असेल तर हप्ता जुनाच चालू ठेवा. बऱ्याचदा नव्या दराची ऑफर दाखवल्यावर जुनी बँकच थोडी फी घेऊन दर उतरवते, तेव्हा आधी तिथेच विचारा.

कर्जात मिसळलेले इतर खर्च

कर्जासोबत दिलेल्या विम्याचा एकरकमी हप्ता "वेगळा भरायला नको" म्हणून कर्जातच घातला जातो. एक लाखाचा विमा वीस वर्षांत 2.16 लाखांना पडतो. विमा हवाच, पण तो वेगळा घेऊन वर्षाला भरता येतो का ते पाहा.

बांधकाम चालू असलेल्या घरात ताबा मिळेपर्यंत फक्त व्याज भरायची सोय असते. त्यात मुद्दल एका पैशानेही कमी होत नाही. 25 लाख उचललेले असतील तर दोन वर्षांत साडेचार लाख गेले, आणि वीस वर्षं त्यानंतर सुरू. ताबा लांबला की हा आकडाही लांबतो.

फ्लॅट रेटच्या नावाखाली 9 टक्के सांगितलं, तर ते पूर्ण मुदतभर मूळ रकमेवर मोजलं जातं. आपल्या उदाहरणात व्याज 90 लाख होईल, म्हणजे घटत्या शिलकीवरचे जवळपास 13 टक्के.

एकूण व्याज बघून घाबरणं

ही उलट बाजूची चूक. 50 लाख घेऊन 1 कोटी 8 लाख परत करायचे हे वाचून काहीजण कर्जाचं नावच काढत नाहीत, तर काहीजण सगळी बचत ओतून मोकळे होतात. पण विसाव्या वर्षी भराल त्या पैशांची किंमत आजच्याइतकी नसेल. महागाई सरासरी 5 टक्के धरली, तर शेवटचा 44,986 चा हप्ता आजच्या हिशोबाने सतरा हजारांच्या आसपासचा असतो. सगळे हप्ते असे आजच्या किमतीत आणले तर बेरीज साधारण 68 लाख होते. 50 लाखांना 68. महागच, पण दुप्पट नाही. शिवाय तेवढी वर्षं भाडं वाचतं, आणि घराची डागडुजी, कर, देखभाल मागे लागते. दोन्ही आकडे एकाच कागदावर मांडल्याशिवाय "भाड्याने राहावं की कर्ज काढावं" हा वाद घालू नये.

जादा पैसे कर्जात भरावेत की गुंतवावेत, हाही याच कागदावरचा प्रश्न. कर्जात भरलेल्या पैशावर 9 टक्के खात्रीने वाचतात. गुंतवणुकीवर कर जाऊन त्याहून जास्त आणि तितक्याच खात्रीने मिळणार असेल तरच गुंतवणूक सरस. "तितक्याच खात्रीने" हे शब्द मात्र अशा चर्चेत पटकन गळतात.

शेवटचा हप्ता गेल्यावर एक काम उरतं आणि ते राहून गेल्याचं घर विकताना कळतं. बँकेकडून कर्ज पूर्ण फिटल्याचा दाखला घ्या, मूळ कागदपत्रं यादीशी ताडून परत घ्या आणि नोंदणीत घरावर चढवलेला तारणाचा बोजा उतरवला गेलाय का, ते महिन्याभरात स्वतः जाऊन बघा.