कौथर बेन हानियाचे सिनेमे बघायचे कसे

या ट्युनिशियन दिग्दर्शिकेचे सिनेमे प्रदर्शनाच्या क्रमाने बघू नका. मी संकलक आहे. माझ्याकडे शिकायला येणाऱ्या मुलांना मी आधी ‘ब्यूटी अँड द डॉग्ज’ (२०१७) बघायला लावते. पोलिसांनी बलात्कार केलेली मरियम नावाची विद्यार्थिनी तक्रार नोंदवायला रात्रभर दारोदार फिरते. गोष्ट खऱ्या घटनेवर बेतलेली. नऊ प्रकरणं, प्रत्येक प्रकरण एका सलग शॉटमध्ये.

वही घेऊन बसा. प्रत्येक कटपाशी लिहा : मधल्या वेळात काय घडलं? पहिल्या प्रकरणात मरियम पार्टीत आहे. दुसरं सुरू होतं तेव्हा ती रस्त्यावरून धावत सुटलेली. अत्याचार त्या कटमध्येच गेला. पण नंतर दवाखान्यात ओळखपत्रावरून अडवणं, ताटकळणं, हे मात्र सगळं सलग बघावं लागतं. एरवी आम्ही वाट पाहणं कापतो आणि मारहाण ठेवतो. बाई नेमकं उलटं करतात, आणि मला त्यांचं सगळ्यात मोठं धाडस तिथे दिसतं.

मग ‘फोर डॉटर्स’ (२०२३). हा खऱ्या कुटुंबावरचा माहितीपट. ओल्फा या ट्युनिशियन आईच्या थोरल्या दोन मुली लिबियात जाऊन इसिसला मिळाल्या. त्यांच्या जागी अभिनेत्री आहेत, धाकट्या दोघी स्वतःच आहेत. झेपणार नाहीत अशा प्रसंगांत ओल्फाची जागा हेंद सबरी घेते आणि सगळे पुरुष एकटा मजद मस्तूरा साकारतो. एका प्रसंगात तोच चित्रीकरण थांबवायला सांगतो. तेवढा भाग पुन्हा लावा. नटाला पुढे जाववत नाही, आणि जिच्यावर बेतलं ती मुलगी बोलायला तयार आहे! हा तुकडा गाळणं किती सोपं होतं.

एवढं पाहिल्यावर ‘शलाट ऑफ ट्युनिस’कडे मागे या. दुचाकीवरून येऊन बायकांवर ब्लेडने वार करणाऱ्या माणसाचा शोध, माहितीपटाच्या वेशात. खरं आणि रचलेलं यांची सरमिसळ तिथेच सुरू झालेली दिसेल.

‘द मॅन हू सोल्ड हिज स्किन’ला (२०२०) ऑस्कर नामांकन मिळालं, म्हणून बहुतेक जण तिथून सुरुवात करतात. मला तो जरा गुळगुळीत वाटतो, सवडीने बघा.

‘द व्हॉइस ऑफ हिंद रजब’ला (२०२५) व्हेनिसमध्ये ग्रँड ज्युरी पारितोषिक मिळालं. गाझात गोळीबारात गाडीत अडकून मदतीसाठी फोनवर बोलणाऱ्या हिंद या लहान मुलीचा खरा आवाज त्यात आहे. तो एकट्याने बघू नका, आणि त्या दिवशी दुसरं काही लावू नका.