घरच्या घरी गार सीताफळ बासुंदी

सीताफळ बासुंदी बिघडते ती बहुतेक वेळा एकाच कारणाने, आणि ते म्हणजे फळाचा गर गरम दुधात पडणे. आंब्याचा रस आटवून त्याची पोळी करता येते, अननस तर शिऱ्यात घालण्यापूर्वी शिजवूनच घ्यावा लागतो. सीताफळाला मात्र आच मुळीच सोसत नाही. तापवल्याबरोबर त्याच्या गराला एक कडवट चव येते आणि मग कितीही साखर घातली तरी ती चव जात नाही. हे मी एका भाऊबिजेला शिकलो. दीड तास आटवलेल्या उकळत्या दुधात पाच सीताफळांचा गर मोठ्या हौसेने ओतला, वर आणखी दोन कढ आणले, आणि पंगतीत वाढण्याऐवजी ते सगळे पातेले मोरीत रिकामे करावे लागले. तेव्हापासून आमच्या घरी या पदार्थाची दोन कामे दोन वेगळ्या दिवशी होतात: दूध आदल्या संध्याकाळी, फळ दुसऱ्या दिवशी सकाळी.

आठ माणसांना पुरेल अशा बासुंदीसाठी म्हशीचे न काढलेले, सायीसकटचे दूध २ लिटर, मध्यम आकाराची पिकलेली सीताफळे ६ (साधारण दीड किलो), साखर १०० ग्रॅम आणि चिमूटभर मीठ एवढेच साहित्य लागते. सालीचे व बियांचे वजन गेल्यावर दीड किलोतून सुमारे अर्धा ते पाऊण किलो गर हाती येतो. त्यातला अर्धा किलो बासुंदीत घालावा आणि उरलेला, उरलाच तर, घरातल्या मुलांच्या हवाली करावा.

फळांची खरेदी चार दिवस आधी केलेली बरी. सीताफळ झाडावरून काढल्यानंतर पिकणारे फळ आहे, त्यामुळे बाजारात ते कडकच मिळते आणि तसेच घ्यावे. हाताळून हाताळून मऊ झालेली फळे घरी येईपर्यंत फुटतात. पाहायचे ते डोळे. सालीवरच्या फुगीर खवल्यांमधल्या खाचा रुंद होऊन त्यांत फिकट पिवळसर किंवा मलईसारखा रंग दिसू लागला म्हणजे फळाचे डोळे उघडले असे म्हणतात, आणि असेच फळ घरी नीट पिकते. डोळे मिटलेले, गर्द हिरवे फळ चार दिवसांनी मऊ होईलही, पण त्याला गोडी येत नाही. खाचांमध्ये कापसासारखा पांढरा थर दिसला तर तो पिठ्या ढेकूण ही कीड असते. फळ आतून चांगले असू शकते, मात्र ते वाहत्या पाण्याखाली मऊ ब्रशने धुऊन कोरडे केल्याशिवाय पिकत घालू नये.

पुण्याकडच्या लोकांना पुरंदर तालुक्यातली, सासवडच्या बाजूची सीताफळे ओळखीची आहेत, तर मराठवाड्यात बीडच्या डोंगराळ, मुरमाड जमिनीतल्या सीताफळांना मान आहे आणि त्यांना भौगोलिक मानांकनही मिळालेले आहे. अलीकडे बाजारात ठळकपणे दिसते ते मोठे, पिवळसर झाक असलेले गोल्डन, म्हणजे एनएमके-१ हे वाण. बार्शी तालुक्यातल्या गोरमाळे गावचे शेतकरी नवनाथ कसपटे यांनी ते निवड पद्धतीने तयार केले. त्यात गर भरपूर आणि बिया कमी, त्यामुळे बासुंदीचे काम निम्म्याने हलके होते. चवीच्या बाबतीत मात्र माझे मत जुन्या गावरान फळाकडे झुकते. त्याला बिया पुष्कळ, आकार लहान, पण वास असा की टोपली ठेवलेल्या खोलीत शिरताच कळावे. चार गोल्डन आणि चार लहान गावरान असा मेळ घातला तर गरही पुरतो आणि सुगंधही राहतो.

कडक फळे वर्तमानपत्रात सैल गुंडाळून टोपलीत किंवा तांदळाच्या डब्यात ठेवावीत. दोन ते चार दिवसांत ती पिकतात, पण सगळी एकदम पिकत नाहीत, म्हणून रोज सकाळी एकेक हातात घेऊन देठाजवळ अंगठ्याने अलगद दाबून पाहावे. कच्चे फळ फ्रिजमध्ये ठेवण्याची चूक करू नये. गारठ्याने साल काळी पडते आणि आतला गर पिकायचा थांबतो. पिकलेले फळ मात्र एक दिवस फ्रिजमध्ये ठेवायला हरकत नाही, किंबहुना पुढच्या कामासाठी ते गार असलेलेच चांगले.

आता दूध. जाड बुडाचे, सरळ कडांचे, रुंद पातेले घ्यावे आणि दूध ओतण्यापूर्वी ते आतून पाण्याने विसळून पाणी ओतून द्यावे, म्हणजे दूध बुडाला कमी लागते. जुन्या घरांत तळाशी एक छोटी बशी उपडी ठेवत असत; दूध उकळू लागले की ती खडखडत राहते, दूध एकदम उतू जात नाही आणि आपले लक्ष दुसरीकडे गेले तरी तिच्या आवाजावरून आच कळते. दूध पातेल्यात ओतल्यावर लाकडी उलथन्याचा दांडा त्यात उभा धरून दुधाची पातळी जिथे येते तिथे पेन्सिलने खूण करावी आणि तिच्या बरोबर मध्यावर दुसरी. दूध या दुसऱ्या खुणेपर्यंत उतरले की ते निम्मे झाले. पातेले सरळ कडांचे हवे ते याचसाठी, कारण कढईत ही खूण फसवते.

पहिली उकळी मोठ्या आचेवर येऊ द्यावी आणि मग आच मध्यमाहून थोडी कमी करावी. दोन लिटर दूध निम्मे व्हायला तासभर तरी लागतो. पातेले अरुंद असेल तर सव्वा-दीड तासही लागतो. दर दोन-तीन मिनिटांनी उलथने बुडाशी टेकवून फिरवावे, कडेला चिकटलेली साय खरवडून दुधात मोडावी आणि वर आलेली साय घट्ट होऊ न देता ढवळून टाकावी. रबडी करताना हीच साय हलक्या हाताने कडेला लावून तिचे पदर जमवतात. बासुंदी मात्र वाहती असावी लागते, त्यामुळे इथे सायीचे तुकडे बारीक असलेलेच बरे. नरसोबाच्या वाडीची बासुंदी ज्यांनी खाल्ली आहे त्यांना हा दाटपणा नेमका कसा असतो हे सांगावे लागणार नाही: वाटी तिरकी केली तर ती संथ सरकते, पण वाटीच्या कडेला एक पातळ थर मागे ठेवून सरकते.

दूध बुडाला लागल्याचा वास आला तर घाईने खरवडू नये. वरचे दूध न ढवळता दुसऱ्या पातेल्यात काढून घ्यावे आणि खालचा करपलेला थर तिथेच सोडावा. तोच उलथन्याने उकरला तर करपट वास सगळ्या दुधाला लागतो.

दूध निम्म्यावर आल्यावर साखर आणि चिमूटभर मीठ घालावे. साखर विरघळताच दूध पुन्हा पातळ दिसू लागते. याने घाबरून कॉर्नफ्लोअर लावण्याचा मोह अनेकांना होतो, पण त्याची काही गरज नसते. आणखी सात-आठ मिनिटे उकळले की ते सावरते आणि थंड झाल्यावर तर आणखी दाट होते. कॉर्नफ्लोअरची बासुंदी फ्रिजमध्ये खळीसारखी थिजते आणि चमच्याला तशीच चिकटते. साखरेचे प्रमाण ठरवताना मात्र दोन गोष्टी लक्षात घ्याव्या लागतात. थंड पदार्थ जिभेला कमी गोड लागतो, म्हणून गरम असताना किंचित जास्त गोड वाटले पाहिजे. उलट सीताफळ स्वतः इतके गोड असते की नुसत्या बासुंदीला लागणारी साखर इथे जड होते. १०० ग्रॅमवर थांबावे आणि कमी वाटलीच तर गर मिसळल्यानंतर चमचाभर पिठीसाखर घालावी.

वेलची, जायफळ, केशर यांपैकी काहीही मी घालत नाही. साध्या बासुंदीला जायफळाशिवाय पूर्णता नाही हे मान्य, पण सीताफळाचा वास मुळात हळवा असतो आणि वेलचीसमोर तो उभाच राहत नाही.

आटलेले दूध पातेल्यासकट परातीतल्या थंड पाण्यात ठेवून सारखे ढवळत निववावे. ढवळणे थांबले की वर जाड साय धरते आणि नंतर ती मोडली तरी तिच्या गुठळ्या राहतात. परातीतले पाणी एक-दोनदा बदलले की अर्ध्या-पाऊण तासात दूध हाताला कोमटही लागत नाही. मग झाकण लावून ते रात्रभर फ्रिजमध्ये ठेवावे. दूध निववण्याच्या नावाखाली ओट्यावर रात्र काढू देऊ नये. ऑक्टोबरच्या उकाड्यात आटवलेले दूधसुद्धा सकाळपर्यंत आंबूस होते.

दुसऱ्या दिवशी सकाळी, जेवणाच्या दोन-तीन तास आधी, फळांकडे वळावे. गर उघडा राहिला की हवेने गुलाबी-तपकिरी होऊ लागतो, म्हणून हे काम फार आधी उरकून ठेवण्यात लाभ नाही. फळ हाताने दोन भागांत उकलावे, सुरीची गरज नसते. चमच्याने गर काढताना सालीपर्यंत खरवडून नेऊ नये, कारण सालीला लागून जो थर असतो तो रवाळ, किंचित वाळूसारखा लागतो आणि फळ खाताना तो चालला तरी बासुंदीत दाताखाली येतो. त्या थराच्या आतला मऊ, पांढराशुभ्र गर बियांसकट खोलगट भांड्यात जमा करावा.

बिया काढणे हा या पदार्थातला खरा जिकिरीचा भाग आहे. मिक्सरचा मार्ग सोपा दिसतो, पण पात्याने एखादी जरी बी फुटली तरी गर कडू होतो, शिवाय बीच्या आतला भाग विषारी असतो. उवा मारण्यासाठी या बियांची पूड केसांना लावण्याची पद्धत खेड्यांत आहे, आणि ती पूड डोळ्यांत गेली तर डोळ्यांना गंभीर इजा होते. म्हणून मिक्सर बाजूला ठेवावा आणि ताक घुसळायची लाकडी रवी काढावी. गरात अर्धी वाटी थंडगार दूध घालून रवी दोन्ही तळव्यांमध्ये धरावी आणि सावकाश, ताक करताना फिरवतो त्याच्या निम्म्या वेगाने, पाच-सात मिनिटे फिरवावी. सुरुवातीला प्रत्येक बीभोवती गराची पांढरी पिशवी घट्ट बसलेली असते. हळूहळू ती सुटते, काळ्या बिया धुतल्यासारख्या चकचकीत होऊन तळाशी जाऊ लागतात आणि भांड्यातला आवाजही बदलतो, आधी लिबलिबीत, मग खुळखुळ. हा खुळखुळाट ऐकू आला की मोठ्या भोकांची, गहू चाळायची चाळणी दुसऱ्या भांड्यावर ठेवून गर तीत ओतावा आणि बोटांनी हलकेच फिरवत खाली उतरवावा. पिठाची चाळणी घेऊ नये, तिच्यातून नुसते पाणी उतरते आणि गराचे जे लहान लहान तुकडे तोंडात यायला हवेत ते वरच राहतात. रवी नसेल तर हातानेच एकेक बी पिळून काढावी. वेळ लागतो, पण दोन माणसे गप्पा मारत बसली तर सहा फळे अर्ध्या तासात होतात.

फ्रिजमधून काढलेले दूध एकदा ढवळून पाहावे. ते फारच घट्ट झाले असेल तर अर्धी वाटी तापवून गार केलेले दूध त्यात मिसळून सैल करावे. मग गर तीन-चार वेळा थोडा थोडा करून घालावा आणि पळीने वरखाली करत मिसळावा, घोटू नये. घालण्यापूर्वी गराची चव घ्यावी: फळ जास्त पिकून त्याला दारूसारखा उग्र वास येत असेल तर ते आंबलेले आहे, आणि असे एक फळ सगळे दूध नासवू शकते. मिसळून झाल्यावर भांडे झाकून पुन्हा तासभर फ्रिजमध्ये ठेवावे म्हणजे दूध आणि फळ एकजीव होतात. याहून जास्त वाट पाहण्यात अर्थ नाही, कारण दुसऱ्या दिवसापर्यंत ही बासुंदी खाण्याजोगी राहत असली तरी तिचा रंग मळकट होतो आणि वास ओसरतो.

सीताफळाचा हंगाम ऑगस्टपासून साधारण नोव्हेंबरपर्यंतचा. तो संपल्यावरही बासुंदी हवी असेल तर बिया काढलेला गर, अर्ध्या किलोला दोन चमचे साखर मिसळून, जाड प्लॅस्टिकच्या पिशवीत चपटा पसरून हवा काढून डीप फ्रीझरमध्ये ठेवावा. वापरायच्या आदल्या रात्री तो खालच्या कप्प्यात ठेवून सुटू द्यावा. घाईने मायक्रोवेव्हमध्ये घातला तर भाऊबिजेचा माझा प्रसंग पुन्हा घडेल. परदेशात राहणाऱ्यांना भारतीय दुकानांत असाच गोठवलेला गर मिळतो. स्पेनच्या दक्षिण किनाऱ्यावर किंवा कॅलिफोर्नियात राहणाऱ्यांना तर चेरिमोया हे सीताफळाचे जवळचे भावंड ताजे मिळते. त्याच्या बिया मोठ्या आणि सुट्या असल्याने रवीचीही गरज पडत नाही. त्याला थोडा आंबटपणा असतो, त्यामुळे दूध आणि गर दोन्ही अगदी गार असल्याखेरीज एकत्र करू नयेत. तिकडे गाईचेच दूध मिळत असेल तर दोन लिटरऐवजी अडीच लिटर घेऊन ते तेवढेच, म्हणजे एक लिटर उरेपर्यंत आटवावे.

वाढण्यापूर्वी भांडे दहा मिनिटे बाहेर काढून ठेवावे, कारण अगदी बर्फासारख्या गार बासुंदीत सीताफळाचा वास दबून राहतो. वर सजावट करायचीच असेल तर थोडी चारोळी पुरे. पिस्त्याचे काप दिसायला सुरेख असतात, पण मऊ गरात ते करकरतात. पुऱ्या गरम असाव्यात, वाट्या लहान घ्याव्यात, आणि लहान मुलांच्या वाटीत चमचा एकदा तळापासून फिरवून एखादी बी चुकून राहिली नाही ना ते पाहूनच ती त्यांच्या हातात द्यावी.