‘कॉपी आणा’ म्हटलं, की आधी विचारा: कोणती?

चाळीसगाव असो की शहादा, तहसील कचेरीबाहेरच्या दुकानात सगळ्याला एकच शब्द चालतो, झेरॉक्स. खिडकीवर मात्र तसं नसतं.

साधी झेरॉक्स म्हणजे नुसती छायाप्रत. त्यावर ‘मूळ प्रतीवरून खरी प्रत’ असं लिहून खाली स्वतःची सही, नाव, तारीख टाकली की ती स्वयंसाक्षांकित. राज्यात 2015 पासून बहुतेक सरकारी अर्जांना एवढं पुरतं. शिक्क्यासाठी राजपत्रित अधिकारी शोधत फिरायची गरज नाही. सही कोऱ्या जागेत करा, मजकुरावर नको. अर्जात स्पष्ट ‘राजपत्रित अधिकाऱ्याकडून साक्षांकित’ असं छापलं असेल तरच तिकडे वळा, आणि जाताना मूळ कागद सोबत हवाच.

खरी गफलत होते ती नकलेत. जुना फेरफार (जमिनीच्या हक्कातल्या बदलाची नोंद), खरेदीखत, कोर्टाचा निकाल यांची नक्कल म्हणजे ज्या कचेरीत मूळ दप्तर आहे, तिनेच फी घेऊन, सही-शिक्क्यानिशी दिलेली प्रमाणित प्रत. घरातल्या जुन्या कागदाच्या झेरॉक्सवर स्वतः सही केली म्हणून ती नक्कल होत नाही. वाटणीचा दावा असेल तर हीच काढा, आणि वेळ हाताशी ठेवा. जुनं दप्तर लगेच सापडतंच असं नाही.

सातबाऱ्याचं तेच. ‘महाभूमी’ या सरकारी संकेतस्थळावरचा फुकट उतारा फक्त पाहण्यापुरता. पीककर्जाला 15 रुपयांचा डिजिटल सहीचा काढा. त्याला तलाठ्याचा शिक्का लागत नाही.