रेट्रो न्यू वेव्ह नाइट: फ्लोअर रिकामा पाडणाऱ्या या चुका टाळा

न्यू वेव्ह म्हणजे साधारण ऐंशीच्या दशकातलं सिंथसायझर-गिटारचं पॉप. अशा रात्री गर्दी येते, डान्स फ्लोअर मात्र भरत नाही. मग खापर फुटतं गाण्यांवर. गाणी चांगलीच असतात. ती आजच्या ट्रॅकसारखी हाताळली जातात, घोटाळा तिथे होतो.

सगळ्यात जास्त फसवतं ते दोन गाण्यांचा वेग आपोआप जुळवणारं सिंक बटण. त्या काळातल्या कितीतरी गाण्यांत हाडामांसाचा ड्रमर आहे. तो कोरसला किंचित पळतो, कडव्याला सावरतो. सॉफ्टवेअरची ग्रिड, म्हणजे ठोक्यांची आखणी, सरळ; गाणं हलतं. अर्ध्या मिनिटात दोन्ही गाण्यांच्या किक (मोठ्या ड्रमचे ठोके) घोड्याच्या टापांसारख्या वाजायला लागतात. बीपीएमचाही (मिनिटाला किती ठोके) घोळ होतो. आ-हाचं ‘टेक ऑन मी’ साधारण १६९चं, पण सॉफ्टवेअर कधी ते निम्म्यावर, ८४च्या आसपास दाखवतं. अशा गाण्यांची ग्रिड घरीच हाताने लावा, नाहीतर ओळ संपली की सरळ कट मारा. काही बिघडत नाही. लांब मिक्स ड्रम मशीनच्या गाण्यांसाठी ठेवा. ह्यूमन लीगचं १९८१चं ‘डोन्ट यू वॉन्ट मी’ लिन एलएम-१ या ड्रम मशीनवर बांधलेलं आहे, ठोका जागचा हलत नाही.

दुसरी चूक घाईची. न्यू ऑर्डरचं १९८३चं ‘ब्लू मंडे’ ट्वेल्व्ह-इंच रेकॉर्डवर जवळपास साडेसात मिनिटांचं आहे आणि गाणाऱ्याचा आवाज सुरू व्हायला दोन मिनिटं जातात. घाबरून सुरुवात कापणारे डीजे मला कळलेच नाहीत! पहिल्या किकलाच लोक फ्लोअरकडे धावतात. मिक्स करायला जागाही तिथेच मिळते.

आता आवाज. जुन्या सीडीवरून घेतलेली फाइल नव्या रीमास्टरपुढे (पुन्हा ध्वनिसंस्कार केलेल्या आवृत्तीपुढे) दबकी वाटते, म्हणून फेडर (आवाजाची सरकपट्टी) वर ढकलला जातो. त्याऐवजी प्रत्येक गाण्याचा गेन (मिक्सरमध्ये येणारी पातळी) आधी हेडफोनवर ऐकून आणि मीटर बघून जुळवा, लाल दिव्याच्या खाली. बेसचंही तसंच. या रेकॉर्डिंगमध्ये अगदी खालचा बेस, म्हणजे सब, फारसा नसतोच. ईक्यूवर (बेस, मिड, ट्रेबलच्या बटणांवर) बेस चढवला की सबवूफर गुरगुरतो आणि गाणं गढूळ होतं. उलट वरचा मिड थोडा उतरवा. मोठ्या आवाजात स्नेअर (कडक वाजणारा ड्रम) आणि सिंथ कानात घुसतात.

फाइल घेताना वर्ष आणि लांबी बघा. काही बँडनी आपलीच गाणी नंतर पुन्हा रेकॉर्ड केली आहेत, आणि नाचणाऱ्यांना फरक लगेच कळतो.

‘एटीज’च्या नावाखाली पॉवर बॅलड (संथ, भावुक रॉक गाणी) आणि हेअर मेटल (त्या काळातलं भपकेबाज हेवी रॉक) घुसडणं तर नकोच.

राहिला पडदा. एमटीव्ही १ ऑगस्ट १९८१ला सुरू झालं आणि या बँडचे व्हिडिओ त्यावर खूप चालले, त्यामुळे ते मागे लावायचा मोह होतो. लोक नाचायचं सोडून बघत उभे राहतात. व्हिडिओ लावायचेच असतील तर बारपाशी लावा, फ्लोअरसमोर नको.